पायाचा बोकड

परभणी
८ जानेवारी २०२५

आक्कास योगीराजचा नमस्कार.

फोन सोडून पत्र लिहायलोय म्हणून हसू नको. फोनवर तू अर्धं बोलतीस, अर्धं दाजी बोलतेत आन उरलेलं सगळं घर स्पीकरवर ऐकत बसतंय. परमेश्वर दूधवाला रोज तुमच्या लिंबाळवाडीहून परभणीला येतोय, जाताना रिकाम्या कॅनसोबत पत्र नेईल. पाकीट मी डिंकानं चिकटवलंय. उघडं दिसलं तर त्याचा कान धर.

आक्का, काल बांधकाम खात्याचं पत्र आलं. वाचून मी दारातल्या पायरीवर तसाच बसून राहिलो. तुमच्या ओढ्यावरच्या पुलाचं काम त्यांनी माझ्याकडून काढून घेतलं, हे तुला माहीत हाय. आता म्हणतेत, तुमचं नाव काळ्या यादीत कामून टाकू नये, याचा खुलासा करा. काळ्या यादीत! माझं नाव! शाळेच्या खोल्या बांधल्या, नाल्या बांधल्या, चुडाव्याकडचा रस्ता केला, कुठं बोट दाखवायला जागा ठेवली न्हाई. एकदा त्या यादीत नाव गेलं की सरकारचं साधं बसथांब्याचं छप्परबी मला कुणी बांधू देणार न्हाई. दुसरा धंदा मला येत न्हाई, तूच म्हणतीस ना, ह्याला शेतात सोडलं तर हा बांधालाच प्लास्टर करील.

मी कोर्टात दावा टाकलाय. वकील धम्मशीला मॅडम हायेत, बोलायला कडक पण कामाला पक्क्या. त्या म्हणाल्या, झालेलं सगळं पहिल्यापासून लिहून काढा. तुला ठाऊक असलेलंच पुन्हा लिहितो, कुठं चुकलं तर सांग.

गेल्या साली फेब्रुवारीत पायाचे खड्डे खोदले. रिवाजाप्रमाणं पायाला बोकड दिला, रक्त खड्ड्यात सोडलं, मजुरांना आन गावाला जेवण घातलं. त्यानंतर थोड्याच दिवसांत गावात हूल उठली की पुलाचं बोकडावर भागत न्हाई, कंत्राटदाराला लेकरू पाहिजे, त्याची माणसं लेकरं हेरत फिरायलीत. मला कुणीतरी सांगितलं तवा मी हसलो होतो. मग होळीच्या आधीची ती संध्याकाळ. माझा मजूर रामहरी आन त्याची बायको बबिता, गंगाखेडकडचे. त्यांच्या लेकराला ताप होता म्हणून चादरीत गुंडाळून पिंगळीच्या डॉक्टरकडं निघाले. खड्ड्याच्या कडेनं जाताना कुणीतरी पाहिलं आन 'लेकरू गाडायलेत' म्हणून सगळं गाव धावलं. रामहरीचा पाय मोडला. मी परभणीत होतो. पोचेपर्यंत मुकादमानं सगळे मजूर गाडीत घालून नेले होते. त्यानंतर कुठंबी मजूर बघायला गेलो की एकच उत्तर, त्या पुलावर न्हाई साहेब. मग पाऊस आला, खड्डे गाळानं भरले. खातं म्हणतंय, कंत्राटदार काम सोडून पळाला.

मॅडम म्हणतेत, अफवेनं काम थांबलं हे कोर्टाला पटवायचं तर ती उठवली कुणी ते सांगा. मला पक्कं माहीत हाय. उमाजी. आमच्या खडीच्या ढिगानं त्याच्या मेंढरांची ओढ्यावर उतरायची वाट गेली, तवापासून तो माझ्यावर खार खाऊन हाय. बोकडबी त्याचाच होता, त्यावरनंबी आमची कुरबुर झाली होती. तू शपथपत्रावर एवढंच लिहून दे की ही हूल उमाजीनं उठवली. तुला गावात मान हाय, तुझा शब्द कोर्ट ऐकेल. तारीख फेब्रुवारीत हाय.

अर्पिता कशी हाय? दिवाळीला मामाकडं आली न्हाई. तिच्यासाठी आणलेला फ्रॉक कपाटात तसाच हाय, आता तो आखूड व्हायचा.

तुझा
योगीराज


लिंबाळवाडी
संक्रांत, १४ जानेवारी

चि. योगीराजला आक्काचा आशीर्वाद आन तीळगूळ. डबा परत पाठव. तुझ्याकडं गेलेला डबा माघारी येत न्हाई, हे आता आमच्या घरात पोरासोरांनाबी पाठ झालंय.

तुझं पत्र वाचलं. काळी यादी म्हंजे काय ते ह्यांनी समजावून सांगितलं तवा मी ताट बाजूला सारलं. आपल्या घराण्यात कुणाच्या नावाला कधी डाग लागला न्हाई, आन तो तुझ्या नावाला लागावा? तुझ्या? मोजमापात बोटभर इकडं तिकडं झालं तर भिंत पाडून पुन्हा बांधणारा तू.

पण बाबा, उमाजीचं नाव मी लिहून देणार न्हाई. तो निम्मं साल मेंढरं घेऊन बाहेर असतोय. त्याच्या तोंडातून दिवसाला चार शब्द निघतेत, तेबी मेंढरांसाठी. तो कशाला हूल उठवील? आन अशी हूल कुठून निघती हे कुणाला कळलंय का कधी? आपल्या आज्यानं न्हाई का सांगितलं होतं, मोठ्या बांधाला जीव लागतोय म्हणून? आपण दोघं गोधडीत तोंड घालून ऐकायचो. गावोगावची म्हातारी माणसं हेच सांगत आलीत. तुझ्या मॅडमला म्हणावं, 'लोक म्हणत होते' एवढंच लिहा. कुणा एकाला कामून धरायचं?

अर्पिताला दिवाळीत ताप होता म्हणून आली न्हाई. आता बरी हाय. फ्रॉक पाठवू नको सध्या, पुढं बघू.

ह्या भानगडीत पडू नको म्हणणार न्हाई, पडलायसच. पण पाय जपून टाक. आन जेवत जा वेळेवर.

आक्का


परभणी
२२ जानेवारी

आक्का,

डबा परमेश्वरकडं दिलाय. आता तरी घरात माझं नाव काढू नका.

दिवाळीत ताप होता? भाऊबीजेला तुम्ही दोघंच आलात तवा दाजी मला म्हणाले, तिला शाळेचा अभ्यास हाय. दुसरीतल्या पोरीला भाऊबीजेला कसला अभ्यास गं? खोटं बोलायचं तर नवराबायकोनं आधी मिळून तरी बोलावं.

मी काय लहान लेकरू न्हाई. दाजींना पुढच्या साली सरपंचकीला उभं राहायचंय, गाव दुखवायचं न्हाई, म्हणून त्यांनी तुझं तोंड दाबलंय आन भाचीला माझ्यापासनं तोडलंय. सख्ख्या भावाची इज्जत चव्हाट्यावर आन आक्का म्हणती 'लोक म्हणत होते'. लोक म्हणजे कोण? लोकांना कोर्टात उभं करता येत न्हाई.

तू न्हाई तर न्हाई. काल मी पोलीस ठाण्यात उमाजीच्या नावानं अर्ज दिला. खोटी अफवा उठवून माझ्या मजुरांना मारायला लावलं म्हणून. आता त्याच्याकडूनच वदवून घेतील.

योगीराज


लिंबाळवाडी
२७ जानेवारी

योगीराज, हे काय करून बसलास?

काल जीप आली आन उमाजीला घेऊन गेली. सगळं गाव बघायलं. तिकडं त्याला दिवसभर बाकावर बसवून ठेवलं, आज पुन्हा बोलावलंय. त्याची बायको केवळाबाई सकाळपासून माझ्या दारात बसलीय. रडत न्हाई, भांडत न्हाई, नुसती बसलीय. मी चहा दिला तर म्हणाली, "तुमच्या भावाला आमच्या मालकानं काय केलं, एवढं विचारून द्या." काय सांगू तिला? मेंढरं वाड्यात कोंडलेली, ओरडून ओरडून त्यांचा घसा बसलाय.

आता ऐक, त्या संध्याकाळी काय झालं ते. तू इथं नव्हतास, तुला कुणी सांगितलं न्हाई आन तू कधी विचारलंबी न्हाईस. लोकांनी रामहरीला खाली पाडलं तवा उमाजी मेंढरं सोडून धावत आला. अंगावरचं घोंगडं रामहरीवर टाकलं आन स्वतः वर पालथा पडला. काठ्या त्याच्या पाठीवर बसल्या. त्याच्याच गावच्या माणसांच्या काठ्या! तो नुसता ओरडत होता, "आरं माणूस हाय, माणूस हाय." ती बाई लेकराला छातीशी धरून कडंला बायांच्या घोळक्यात उभी होती, लेकरू रडतबी नव्हतं. पोलीस पाटील आले, गर्दी पांगली, तवा रामहरीला पाठीवर घेऊन गाडीपर्यंत नेला तो उमाजीनंच. अजून त्याला डाव्या कुशीवर निजता येत न्हाई.

चोर सोडून संन्याशाला सुळी देतेत म्हणतेत, ती ही. तो अर्ज आधी मागं घे. मग बाकीचं बोल.

आक्का


परभणी
३१ जानेवारी

आक्का,

अर्ज मागं घेतला. काल स्वतः ठाण्यात जाऊन लिहून दिलं की माझा गैरसमज झाला. उमाजी बाहेर बाकावरच होता. मी समोर गेलो तर उठून उभा राहिला आन मलाच नमस्कार केला. मला वाटलं, त्यानं थोबाडीत मारली असती तर बरं झालं असतं. हे तू आधी कामून सांगितलं न्हाईस? साल झालं!

पण मग कोण?

तुझं पत्र दहादा वाचलं मी. त्यात एक शब्द हाय, तो माझ्या डोक्यातून जाईना. 'चोर सोडून.' म्हणजे चोर तुला ठाऊक हाय. तू लपवायलीस. दाजी हायेत का? दाजींच्या भावकीतलं कुणी? तू कुणाला पाठीशी घालायलीस?

मॅडमनी आज स्पष्ट सांगितलं. नाव न्हाई तर खात्याचा वकील म्हणणार, ह्या कंत्राटदारानं आपला आळस झाकायला भुताची गोष्ट रचलीय. न्यायाधीशबी तेच म्हणतील. मग मी कायमचा काळा. तुला हेच पाहिजे का?

आक्का, तुला माझी शपथ हाय. नाव लिही. कुणाचं का असंना. ज्याच्या जिभेनं रामहरीचा पाय मोडला, उमाजीची पाठ फोडली आन माझा पूल बुडवला, त्याला मी कोर्टात उभं केल्याबिगर राहणार न्हाई. सख्खा असला तरी.

योगीराज


लिंबाळवाडी
९ फेब्रुवारी

चि. योगीराजला आक्काचा आशीर्वाद.

ह्या पत्राला मी आठवडाभर हात लावला न्हाई. हे म्हणाले, लिहू नको, तो कोलमडून पडंल. पण तू शपथ घातलीस. आन आता तू कुणालाबी धरायला निघालायस, उद्या ह्यांच्यावर अर्ज देशील. म्हणून लिहायलेय. बसून वाच.

बोकड दिला तो दिवस आठव. खड्ड्याजवळ जेवणं चाललेली. तू अर्पिताला खांद्यावर घेऊन खड्डा दाखवायला गेलास. तिनं खाली ते रक्त बघितलं आन विचारलं, "मामा, बोकड कामून मारला?" तू म्हणालास, पुलाला लागतोय म्हणून. मग तिनं वाकून बघितलं, तिचा तोल गेला, तू झटकन तिला धरलं. घाबरला होतास तू, मी बघितलंय, तोंड पांढरं पडलं होतं तुझं. आन ती पुन्हा खड्ड्याकडं जाऊ नये म्हणून, न्हाई तर तुझी नेहमीची सवय म्हणून, तू तिला म्हणालास, "खरं तर पुलाला बोकड चालत न्हाई बरं का. लेकरू लागतंय. सगळ्यात गोड लेकरू. इकडं पुन्हा आलीस तर तुलाच पायात घालतो, मग बघ पूल कसा शंभर वर्षं टिकतोय."

सगळे हसले. मीबी हसले. मामानं भाचीची थट्टा करायची न्हाई तर कुणी करायची? कान कापून नेतो, गोणीवाल्याला देतो, तुझ्या आईनं तुला बाजारातनं शेर ज्वारीवर घेतलंय, हे सगळं तू तिला पाळण्यात असल्यापासनं म्हणत आलायस, आन ती खिदळत आलीय. पण त्या दिवशी तिनं रक्त बघितलं होतं, योगीराज. ती हसली न्हाई. मी ते बघितलं न्हाई.

तिनं शाळेत शेजारच्या सुलाबाईच्या नातीला सांगितलं, की माझा मामा पुलात लेकरू घालणार हाय. नातीनं घरी सांगितलं. सुलाबाईच्या तोंडात तीळ भिजत न्हाई हे सगळ्या पंचक्रोशीला माहीत हाय. नळावर गेलं, देवळात गेलं, पारावर गेलं. जाता जाता त्यातला मामा गळून पडला आन कंत्राटदार राहिला. मला गावातनं फिरून परत कानावर आलं तवा मलाबी वाटलं, कुठल्या मेल्यानं उठवलं हे!

मला कळलं कधी, तर मारहाण झाली त्या रात्री. अर्पिता माझ्या कुशीत शिरली. म्हणाली, "आई, मामाला दुसरं बाळ मिळालं ना? आता मला घालणार न्हाई ना?"

  मी तिला नुसतं थोपटत राहिले.

तवापासनं तुझी मोटारसायकल वाजली की ती वर माळवदावर जाऊन बसती. दिवाळीला ताप नव्हता आन अभ्यासबी नव्हता. ती यायलाच तयार नव्हती, दाराची चौकट धरून बसली. तुला कसं सांगावं? तुझं काम गेलेलं, नाव जायला निघालेलं, त्यात हे सांगून मी जखमेवर मीठ चोळायचं का? आन गावाला कळलं असतं की ही सगळी थट्टा होती, तर मारणाऱ्या लोकांनीच तुला मारलं असतं, आपलं पाप झाकायला.

काखेत कळसा म्हणतेत तसं झालं बघ तुझं. उचलली जीभ लावली टाळ्याला, दुसरं काय. पण तू वाईट न्हाईस. मी तुला अंगाखांद्यावर वाढवलंय, मला ठाऊक हाय.

आता सांग. मी कोर्टात येते म्हणशील तर येते. पण देवाच्या नावानं शपथ घेऊन उभी राहिले तर मला हेच सांगावं लागंल.

आक्का


परभणी
२ मार्च

आक्का,

तीन आठवडे लिहिलं न्हाई. तारीख पुढं गेली, आता होळीनंतरची मिळालीय.

मला आठवत न्हाई गं. खरंच आठवत न्हाई! बोकड आठवतो, तिचा तोल गेला ते आठवतं, तिनं माझे केस घट्ट धरले होते, ते अजून डोक्याला जाणवतंय. पण मी काय म्हणालो ते आठवत न्हाई. ज्या शब्दांनी एवढं सगळं जळालं ते माझ्या ध्यानातबी न्हाईत. म्हणजे मी असं किती जणांना, किती वेळा काय काय बोललो असंल? परवा दुसऱ्या एका साइटवर मजुराशी थट्टा करायला तोंड उघडलं आन तसंच मिटलं.

मॅडमना सांगितलं.  त्या म्हणाल्या, "हे खात्याच्या वकिलाला माहीत नाही. तुम्ही फक्त 'अफवा पसरली' एवढंच सांगा. तेवढं खोटं नाही. तुमचा दावा टिकू शकतो." आन वर म्हणाल्या, "उलटतपासात मात्र त्यानं थेट विचारलं, तर उत्तर तुमचं तुम्ही द्यायचंय." अजून मी काही ठरवलं न्हाई. एकदा वाटतं, एवढ्या वर्षांची मेहनत एका वाक्यापायी का घालवावी? मग उमाजीचा नमस्कार आठवतो.

साक्षीसाठी रामहरीला बघावं लागंल. मुकादमाच्या हाती त्याच्या पायाच्या इलाजाचे पैसे पाठवले होते, नंतर मी चौकशी केली न्हाई. तो आता ऊसतोडीला असतो म्हणतेत.

खालचं अर्पिताला वाचून दाखव.

चि. अर्पितास मामाचा गोड गोड पापा. बेटा, मामा खोटं बोलला. पुलात फक्त वाळू, खडी, सिमेंट, लोखंड आन पाणी असतंय. लेकरू कधीच नसतंय. मामाला तेव्हा भीती वाटली होती की तू खड्ड्यात पडशील, म्हणून मामा येड्यासारखं बोलला. तू मामाचे केस पुन्हा ओढ, जोरात ओढ. पुलात कुणीच न्हाई. देवाशप्पथ कुणीच न्हाई.

योगीराज


लिंबाळवाडी
६ मार्च

चि. योगीराजला आशीर्वाद.

तुझं पत्र अर्पिताला वाचून दाखवलं. आधी माळवदाच्या पायरीवर बसून ऐकायली, मग एकेक पायरी खाली आली. 'येड्यासारखं' ह्या शब्दाला हसली. लय दिवसांनी तुझ्या नावावर हसली बघ. मला इतकं हलकं वाटलं की मी स्वैपाकघरात जाऊन रडून घेतलं. हे म्हणाले, सुटलो.

रात्री जेवताना ती एकदम म्हणाली, "मग त्या बाळाचा ताप उतरला का?"

 योगीराज, आमच्यापैकी कुणालाच माहीत न्हाई. मी उमाजीला जाऊन विचारलं, त्यालाबी माहीत न्हाई. तो म्हणाला, "मी माणसाला उचललं वैनी, लेकराकडं बघायचं राहिलं." पोलीस पाटलांना ठाऊक न्हाई. साल झालं, गावात त्या संध्याकाळच्या हजार गोष्टी झाल्या, कुणी मारलं, कुणी न्हाई मारलं, पूल होणार का न्हाई. तू रामहरीचा पाय लिहिलास, मी उमाजीची पाठ लिहिली. लेकराचं पुढं काय झालं, ते आपण दोघांनी एकदाबी लिहिलं न्हाई. सात वर्षांच्या पोरीला विचारावं वाटलं, आपल्याला वाटलं न्हाई.

तू रामहरीकडं जायलायस ना? तेवढं विचारून ये. तिला सांगायचंय.

आक्का


गंगाखेड
१२ मार्च

आक्का,

हे पत्र इथल्या बसस्टँडवर बसून लिहायलोय. कागद मांडीवर धरलाय, अक्षर लागलं न्हाई तर दाजींकडून वाचून घे.

साखर कारखान्याचा हंगाम संपत आलाय. टोळी शोधत शोधत एका उसाच्या फडात पोचलो. रामहरी बांधावर बसून वाढ्यांच्या, उसाच्या हिरव्या शेंड्यांच्या, पेंढ्या बांधायला होता, पाय वाकडाच जुळलाय त्याचा, कोयता घेऊन उभं राहता येत न्हाई. बबिता दोघांचं काम एकटी करायली. मला ओळखलं त्यांनी. तिनं हातातला कोयता खाली ठेवून मला पाणी दिलं. मी साक्षीचं बोललो, रामहरी हो म्हणाला. 'तुमी बोलावलं तर येतो साहेब.' मग मी इकडंतिकडं बघितलं, त्यांच्या पाचटाच्या कोपीकडं बघितलं. म्हणालो, "लेकरू दिसत न्हाई? आजीकडं ठेवलं का?"

बबितानं कोयता उचलला आन पुन्हा उसाला लागली. पाठमोरीच म्हणाली, "ते त्याच रात्री गेलं की साहेब."

मला कळंचना. मी म्हणालो, "कुठं गेलं?" असलं विचारलं मी तिला, आक्का! कुठं गेलं म्हणून विचारलं!

मग रामहरीनं सांगितलं. लोकांनी त्याला पाडल्यावर बबिताला खड्ड्यापाशी धरून ठेवलं. ती म्हणायली, लेकरू माझं हाय, माझं हाय. बायाबी होत्या त्या गर्दीत. त्या म्हणाल्या, तुझं हाय तर दूध पाजून दाखव. सगळ्या गावासमोर तिनं पदर घेतला आन त्याला जवळ धरलं. पण ते तापानं फणफणलेलं, तोंडातच घेईना. तवा त्या ओरडल्या, "बघा, हिचं न्हाईच!" अंधार पडेपर्यंत तिला तसंच ठेवलं. पुढं मुकादमानं घाबरून गाडी डॉक्टरकडं न नेता सरळ गावाकडं पळवली. वाटेत लेकराला झटके आले. गंगाखेड यायच्या आधी बबिताच्या मांडीवर ते थंड झालं. मुकादमानं सांगितलं, कुठं बोलू नका, न्हाई तर तुमच्यावरच येईल. त्यांनी कुणाला सांगितलं न्हाई. गोदावरीच्या काठाला पुरलं.

मुलगा होता. माऊली नाव ठेवलं होतं.

मी त्यांच्यासमोर खाली बसलो आन सांगितलं, की ते पहिलं बोलणं माझं होतं. भाचीशी थट्टा केली होती. रामहरी माझ्याकडं बघतच राहिला, जणू मी दुसऱ्याच कुठल्या भाषेत बोलायलोय. बबितानं मागं वळून बघितलं. मला वाटलं, आता शिव्या देईल, माती फेकील. ती एवढंच म्हणाली, "थट्टा व्हय?"

दुसरं काही न्हाई. दिवसभर माझ्या कानात तेवढंच वाजायलंय.

रामहरीला साक्षीला आणणार न्हाई. तूबी येऊ नको, तुझं शपथपत्र नको. होळीनंतर तारखेला मीच पिंजऱ्यात उभा राहीन. खात्याच्या वकिलानं विचारलं तरी सांगीन, न्हाई विचारलं तरी सांगीन. अफवा कुणी उठवली, लेकरू कुणाचं होतं, त्याला काय झालं, सगळं. मॅडमना इथनं फोन केला. त्या म्हणाल्या, दावा जाईल. जाईलच. यादीत नाव टाकायचं तर टाकू देत, आता त्याचं मला काही वाटंना. मुकादमालाबी बोलतं करीन, ज्यांनी ज्यांनी काठी उचलली त्यांची नावंबी निघू देत. माझं सगळ्यात वर लिहा म्हणावं.

केवळाबाईला जाऊन भेट. तिनं विचारलं होतं ना, आमच्या मालकानं काय केलं म्हणून. तिला म्हणावं, त्यानं काही केलं न्हाई, तो एकटाच त्या दिवशी माणसासारखा वागला.

आन अर्पिता. तिला मी देवाशप्पथ लिहून दिलं होतं की पुलात कुणीच न्हाई. ती विचारंल, तू लिहिलंयस तसं पुन्हा विचारंल, की बाळाचा ताप उतरला का. तू हो म्हणू नको. न्हाईबी म्हणू नको. मामा येतोय एवढंच सांग. मी मोटारसायकल आणणार न्हाई, पिंगळी स्टेशनावर उतरून चालत येतो, म्हणजे ती माळवदावर जाणार न्हाई.

योगीराज